हायकोर्टाच्या आधी प्रांत: फेरफाराच्या आदेशाविरुद्ध दाद मागायची वाट

सातबाऱ्यावरून नाव उडालं किंवा भलत्याचं नाव चढलं, की घरातलं कुणीतरी तावातावाने म्हणतंच, "आता सरळ हायकोर्टात!" मग उसनेपासने करून मुंबई, नागपूर किंवा संभाजीनगर गाठलं जातं. वकीलसाहेब कागद चाळतात आणि पहिलाच प्रश्न विचारतात, "प्रांताकडे अपील केलंय का?" (प्रांत म्हणजे उपविभागीय अधिकारी, तहसीलदाराच्या वरचा महसूल अधिकारी.) उत्तर 'नाही' असेल, तर पुढचं बोलणं बहुतेक तिथेच संपतं.

आमच्या घरच्या वारसनोंदीचा वाद मंडळ अधिकाऱ्यापासून वरपर्यंत गेला. त्या काळात तहसील आणि प्रांत कचेरीच्या बाकांवर बसून जे कळलं, ते इथे क्रमाने लिहितोय. मी वकील नाही. हा लेख वकिलाऐवजी वापरायचा नाही. वकिलासमोर बसल्यावर आपल्याला काय विचारायचंय ते कळावं, एवढ्यासाठी तो आहे. यातला कायदा महाराष्ट्राचा, म्हणजे महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६. गोव्याची संहिता वेगळी आहे (१९६८ ची). तिथली कलमं आणि मुदती इथल्या धरून चालू नका.

हायकोर्ट परत का पाठवतं

राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली हायकोर्टाचा अधिकार मोठा आहे, त्यावर 'आधी अपील करा' अशी अट घटनेने घातलेली नाही. ते बंधन न्यायालयांनी स्वतःच स्वतःवर घालून घेतलंय. ज्या कायद्याने हक्क किंवा जबाबदारी दिली, त्याच कायद्याने तक्रारीची जागाही दिली असेल, तर आधी तिथे जा, हे सूत्र सर्वोच्च न्यायालय १९६४ च्या थानसिंग नाथमल खटल्यापासून सांगत आलंय. २०२३ च्या गोदरेज सारा ली निकालात एक बारीक फरक स्पष्ट केलाय: याचिका 'दाखल होऊ शकते' ही एक गोष्ट, आणि न्यायालयाने ती 'ऐकायला घ्यावी का' ही दुसरी. पर्यायी उपाय शिल्लक असला म्हणजे न्यायालयाचा अधिकार संपतो असं नाही, पण तो वापरायचा की नाही हे न्यायालय ठरवतं. आपल्यासारख्यांच्या बाबतीत ते सहसा 'नाही' असंच ठरतं.

याला व्यवहारातलं कारणही आहे. तुमचे आजोबा कधी वारले, वाटप तोंडी झालं की लेखी, नोटिशीवरचा अंगठा कुणाचा, असल्या गोष्टी तपासायला हायकोर्ट बसत नाही. ते काम खालच्या अधिकाऱ्यांचं. हायकोर्ट बघतं ते खाली तयार झालेली फाईल. म्हणून प्रांताकडचं अपील उरकून टाकायची औपचारिकता समजू नका. पुढे न्यायमूर्तींच्या टेबलावर जे जाणार आहे, ते तुम्ही तिथेच तयार करत असता.

१. आदेशावर चार गोष्टी शोधा

आदेश कुणी काढला (सहीखालचं पदनाम), कोणत्या कायद्याच्या कोणत्या कलमाखाली काढला, तारीख काय, आणि तो तुमच्या हाती कधी पडला. या चार गोष्टी एका कागदावर लिहून काढा. पुढचं सगळं यावर ठरतं.

साध्या फेरफारात, म्हणजे सातबाऱ्यावरचं नाव बदलणाऱ्या नोंदीत, 'आदेश' असा वेगळा कागद नसतोच. गाव नमुना ६ मध्ये, म्हणजे फेरफार नोंदवहीत, मंडळ अधिकाऱ्याचा 'नोंद प्रमाणित' असा एका ओळीचा शेरा असतो. तोही आदेशच, त्याच्यावर अपील होतं. नोटिशीच्या मुदतीत कुणी हरकत घेतली असेल, तर प्रकरण गाव नमुना ६-अ मध्ये, म्हणजे तक्रार नोंदीत जातं आणि सुनावणी होऊन सविस्तर निकाल लागतो. हरकत घ्यायची राहून गेली म्हणून अपिलाचा हक्क जात नाही. मात्र 'तेव्हा का बोलला नाहीत' या प्रश्नाचं उत्तर तयार ठेवा.

कलम बघायचं ते नीट बघा. सगळेच आदेश महसूल संहितेखालचे नसतात आणि इथे भलेभले फसतात:

- कुळकायद्याखालचा (१९४८ चा अधिनियम) तहसीलदाराचा आदेश असेल तर कलम ७४ खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे अपील आणि पुढे कलम ७६ खाली महाराष्ट्र महसूल न्यायाधिकरणाकडे पुनरीक्षण (निर्णयाची कायदेशीरता वरून तपासणं, फरक पुढे आठव्या मुद्द्यात). ही वाटच वेगळी.
- वहिवाटीचा रस्ता अडवल्याबद्दलचा आदेश मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ खाली असेल तर त्यावर अपील नाही, पुनरीक्षण आहे.
- बांधावरून रस्ता देण्याचा आदेश महसूल संहितेच्या कलम १४३ खाली असेल तर एका वर्षाच्या आत दिवाणी दावा लावता येतो.
- गावठाणातली किंवा शहरातली मिळकत असेल आणि वाद प्रॉपर्टी कार्डाचा असेल, तर प्रांताकडे जाऊ नका. ती साखळी भूमि अभिलेख खात्याची: आधी जिल्हा अधीक्षक, वर उपसंचालक.

रस्त्याच्या दोन कायद्यांची गल्लत तर रोजची आहे. अर्ज एका कलमाखाली, आदेश दुसऱ्याच कलमाखाली, आणि अपील तिसरीकडे! आदेशात कलमच लिहिलेलं नसेल तर मूळ अर्जाची आणि नोटिशीची नक्कल काढा, त्यात सापडतं.

२. नक्कल आजच मागा

अपिलाला आदेशाची प्रमाणित नक्कल जोडावी लागते. झेरॉक्स किंवा मोबाईलवरचा फोटो चालत नाही. ज्या कार्यालयाने आदेश दिला तिथे (प्रकरण जुनं असेल तर अभिलेख कक्षात) नकलेचा अर्ज द्या आणि अर्जाची पोच घ्या.

नकलेच्या मागे किंवा शेवटी तीन तारखा असतात: अर्ज केव्हा आला, नक्कल केव्हा तयार झाली, केव्हा दिली. या तारखांना सोन्याचं मोल आहे. नक्कल मिळवायला लागणारा काळ अपिलाच्या मुदतीतून वगळला जातो, आणि तो मोजतात याच तारखांवरून. हा शिक्का नसलेली नक्कल परत करा आणि शिक्का मारून मागा.

फक्त आदेशाच्या नकलेवर थांबू नका. रोजनामा (प्रत्येक तारखेला प्रकरणात काय झालं याची नोंद), नोटिशीची स्थळप्रत (कार्यालयात राहणारी प्रत), नोटीस बजावल्याचा अहवाल, समोरच्याचं म्हणणं आणि त्याने जोडलेले कागद, सगळ्यांची नक्कल मागा. 'मला नोटीस मिळालीच नाही' हे सगळेच म्हणतात. पण बजावणी अहवालावर तुमच्या नावापुढे दुसऱ्याच्याच हातची सही दिसली, किंवा रोजनाम्यात नोटीस काढल्याची नोंदच नसली, तर तोच मुद्दा एकदम वजनदार होतो. आमच्या प्रकरणात सगळ्यात जास्त उपयोग रोजनाम्याच्या दोन पानांचा झाला. आदेशात 'उभय पक्षांना ऐकले' असं वाक्य होतं आणि रोजनाम्यात तशी तारीखच नव्हती.

३. दार कोणतं

संहितेच्या कलम २४७ नुसार वरच्या अधिकाऱ्याकडे अपील होतं. कुणाच्या आदेशावर कुणाकडे, हे संहितेला जोडलेल्या अनुसूचीत दिलंय. नेहमीची साखळी अशी:

तलाठी (आता पदनाम ग्राम महसूल अधिकारी) नोंद लिहितो, मंडळ अधिकारी प्रमाणित करतो. वाद असेल तर मंडळ अधिकारी किंवा तहसीलदार निकाल देतो. यांच्यापैकी कुणाच्याही आदेशावर पहिलं अपील उपविभागीय अधिकाऱ्याकडे, म्हणजे आपल्या बोलण्यातल्या प्रांताकडे. प्रांताच्या आदेशावर दुसरं अपील जिल्हाधिकाऱ्यांकडे, ते बहुधा अप्पर जिल्हाधिकारी ऐकतात. त्यापुढे कलम २५७ चं पुनरीक्षण, विभागीय आयुक्त कार्यालयात आणि शासनाकडे.

मंडळ अधिकाऱ्याच्या नोंदीवर तहसीलदाराकडे 'अपील' करणं ही नवख्यांची सर्वसाधारण चूक. तहसीलदार पद मोठं खरं, पण ते अपिलाचं दार नाही. कलम १५५ खाली तहसीलदाराकडे लेखनप्रमादाची दुरुस्ती मागता येते. नाव चुकलं, गट क्रमांकातला आकडा उलटा पडला, संगणकीकरणात हस्तलिखितातलं क्षेत्र चुकीचं उतरलं, एवढ्यापुरती. हक्काचा वाद 'टायपिंगची चूक' म्हणून १५५ मध्ये घुसवू नका. तसा आदेश मिळालाच तरी वर टिकत नाही. समोरच्याने तसं केलं असेल, तर तो तुमच्या अपिलातला पहिला मुद्दा होतो.

आणि निवेदन म्हणजे अपील नव्हे. जिल्हाधिकाऱ्यांना अर्ज, पालकमंत्र्यांना पत्र, आपले सरकारवर तक्रार, कचेरीसमोर उपोषण, यातल्या कशानेही मुदतीचं घड्याळ थांबत नाही. लोकशाही दिनात तर अपिलाचे विषय घेतच नाहीत. आमदारांच्या शिफारशीचं पत्र खिशात घेऊन मुदत घालवलेली माणसं मी बाकावर बसलेली पाहिली आहेत.

४. मुदत

जिल्हाधिकाऱ्यापेक्षा खालच्या दर्जाच्या अधिकाऱ्याचा आदेश असेल तर ६० दिवस, जिल्हाधिकारी किंवा त्यावरचा असेल तर ९० दिवस (कलम २५०). दिवस मोजायचे ते आदेश तुम्हाला मिळाल्यापासून. शेवटचा दिवस रविवार किंवा सुट्टीचा आला तर पुढच्या कामाच्या दिवशी दाखल करता येतं.

मुदत गेली असेल तर कलम २५१ खाली विलंबमाफीचा अर्ज. तो वेगळा द्यायचा, शपथपत्रासह. अपिलाच्या मजकुरात 'विलंब माफ व्हावा' असं एक वाक्य घुसवून भागत नाही. नोटीस नव्हती, नोंद झाल्याचं अमुक दिवशी सातबारा काढल्यावर कळलं, त्या दिवशीच नकलेचा अर्ज दिला, असं तारखांसह आणि पुराव्यासह लिहा. १९८७ च्या कातिजी निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय की विलंबाकडे उदारपणे बघावं, तांत्रिक कारणाने न्याय नाकारू नये. पण उदारपणा खऱ्या कारणाला मिळतो. आजारपणाचं ठोकळेबाज प्रमाणपत्र आणि त्याच काळात रजिस्टर ऑफिसात केलेली सही, असा मेळ समोरचा वकील बरोबर शोधून काढतो.

मुदत गेल्यावर 'आता अपील नाही, म्हणजे पर्यायी उपायच उरला नाही, म्हणून हायकोर्ट' अशी एक युक्ती सुचवली जाते. तिच्या नादी लागू नका. करकायद्याच्या एका प्रकरणात, २०२० च्या ग्लॅक्सो स्मिथक्लाइन निकालात, सर्वोच्च न्यायालयाने नेमकं हेच नाकारलं. उपाय होता आणि तुम्ही तो घालवलात, याला 'उपाय नव्हता' म्हणत नाहीत.

५. अपिलाचा मेमो, म्हणजे लेखी अर्ज

वकील लावलात तरी मसुदा स्वतः वाचा. गावातली नाती, टोपणनावं, गट क्रमांकांची एकत्रीकरणाआधीची आणि नंतरची जुळवणी तुम्हालाच माहीत असते.

घटनाक्रम तारखेने लिहा. आदेशातलं कोणतं वाक्य का चूक, हे मुद्द्यागणिक लिहा. नोटीस किंवा सुनावणी मिळाली नसेल तर तो मुद्दा याच टप्प्यावर ठळक मांडा. इथे न मांडलेला मुद्दा पुढे हायकोर्टात पहिल्यांदा काढला की तो नंतर सुचलेला वाटतो. अधिकाऱ्याला तो विषय ऐकायचा अधिकारच नव्हता असं असेल, तर तेही इथेच.

पक्षकार सगळे जोडा. ज्यांची नावं नोंदीने लागली किंवा कमी झाली ते सगळे, आणि त्यातलं कुणी मयत असेल तर त्याचे वारस. लग्न होऊन गेलेल्या बहिणी, आत्या हटकून राहतात. मग वर्षभराने समोरचा आक्षेप घेतो, अपील दुरुस्तीला जातं, पुन्हा नोटिसा निघतात.

सोबत लागणारे कागद:

- आदेशाची आणि फेरफाराची प्रमाणित नक्कल
- चालू सातबारा, ८-अ (खातेउतारा), आणि वादाच्या आधीचे सातबारे
- संबंधित जुने फेरफार (वडिलांच्या, आजोबांच्या वारसाची नोंद शोधाच)
- खरेदीखत, वाटपपत्र, मृत्युपत्र, बक्षीसपत्र, जे असेल ते
- मृत्यूचे दाखले आणि वंशावळ, शपथपत्रावर
- स्थगितीचा अर्ज, आणि लागत असल्यास विलंबमाफीचा अर्ज, दोन्ही शपथपत्रासह
- वकालतपत्र, कोर्ट फी स्टॅम्प, समोरच्यांच्या संख्येइतक्या प्रती

परदेशात असलेल्या भावंडांनी मुखत्यारपत्र पाठवताना तिथल्या भारतीय वकिलातीतून किंवा त्या देशाच्या नियमाप्रमाणे ते साक्षांकित करून पाठवावं. महाराष्ट्रात पोचल्यापासून तीन महिन्यांत त्यावर मुद्रांक शुल्क भरायचं असतं. लिफाफा घरी कपाटात पडून राहतो आणि ही मुदत जाते.

६. स्थगिती वेगळी मागा

अपील दाखल झालं म्हणजे आदेश थांबला, हा सार्वत्रिक गैरसमज. आदेशाचा अंमल चालूच राहतो. नवं नाव लागलेला माणूस त्या सातबाऱ्यावर कर्ज काढू शकतो, जमीन विकायला काढू शकतो. कलम २५६ खाली स्थगितीचा अर्ज अपिलासोबतच द्या आणि पहिल्याच तारखेला त्यावर आग्रह धरा. 'जमीन विकली जाईल' एवढं मोघम लिहून स्थगिती मिळणं कठीण. इसारपावती झाली असेल, मोजणीला अर्ज पडला असेल, पेपरात जाहीर नोटीस आली असेल, तर तो कागद जोडा. पूर्ण स्थगिती नाही मिळाली तर निदान 'जैसे थे' मागा.

मिळालेल्या स्थगितीची प्रत स्वतः तलाठ्याकडे, तहसीलमध्ये आणि गरज असेल तर दुय्यम निबंधकाकडे नेऊन द्या आणि पोच घ्या. कार्यालयातून कार्यालयात पत्र जाईपर्यंत व्यवहार होऊन जातो.

७. तारखा

महसुली सुनावण्या वारंवार पुढे जातात. साहेब दौऱ्यावर, निवडणुकीचं काम, पंचनामे, व्हीसी. तारखेला हजर राहा, रोजनाम्यावर सही करा, सही झाल्याशिवाय उठू नका. अनेक कार्यालयांच्या तारखा आता ऑनलाईन दिसतात, पण बोर्डावरची यादी बघून खात्री करा. तोंडी युक्तिवादानंतर लेखी युक्तिवाद द्याच, पोच घेऊन. अधिकारी बदलून गेला आणि नव्याने निकाल लिहिला तर त्याच्यासमोर तुमचा कागदच बोलणार असतो. सुनावणी एकाने घेतली आणि निकाल दुसऱ्याने पुन्हा न ऐकता दिला, तर तो स्वतंत्र आक्षेप होतो. त्या तारखा टिपून ठेवा.

प्रकरण वर्षानुवर्षं पडून असेल तर मात्र हायकोर्टाची एक मर्यादित मदत मिळते: 'अपील अमुक मुदतीत निकाली काढा' एवढाच आदेश मागणारी याचिका. यात पर्यायी उपाय डावलल्याचा प्रश्न येत नाही, कारण तुम्ही तोच उपाय चालवायला सांगत असता.

८. हरलात तर: दुसरं अपील, पुनरीक्षण, पुनर्विलोकन

नावं सारखी वाटतात, काम वेगळं. दुसऱ्या अपिलात वस्तुस्थिती आणि कायदा दोन्ही मांडता येतं. पुनरीक्षणात वरचा अधिकारी खालच्या निर्णयाची कायदेशीरता आणि कामकाजाची नियमितता बघतो. ते हक्काने मिळत नाही, तो त्याचा स्वेच्छाधिकार. तरीही हायकोर्टात 'पुनरीक्षण का केलं नाही' हे विचारलं जाऊ शकतं, तेव्हा वकिलाशी बोलूनच ही पायरी सोडा. पुनर्विलोकन, कलम २५८, म्हणजे त्याच आदेशाचा फेरविचार. नवा पुरावा सापडला किंवा उघड चूक दिसत असेल तरच. खासगी व्यक्तींमधल्या हक्काच्या वादात त्यासाठी आदेशापासून ९० दिवस. अपील दाखल झालेलं असेल तर पुनर्विलोकन होत नाही.

याच ठिकाणी स्वतःला विचारा: आपला वाद मुळात नोंदीचा आहे की मालकीचा? मृत्युपत्र खरं की खोटं, दत्तक झालं होतं की नाही, हे प्रांत ठरवू शकत नाही. फेरफाराने मालकी मिळत नाही आणि जातही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ च्या सावर्णी खटल्यापासून पुन्हा पुन्हा सांगितलंय. नोंद खरी मानली जाते ती उलट सिद्ध होईपर्यंतच (कलम १५७). वाद मालकीचा असेल तर दिवाणी कोर्टात दावा लावा, तिथे मनाई हुकूम मागा. महसुली पायऱ्या चढत राहून तो सुटणार नाही, आणि रिटने, म्हणजे हायकोर्टातल्या याचिकेने, तर नाहीच. दोन भावांच्या भांडणात पंधरा वर्षं फेरफार लढवून शेवटी वाटपाचा दावा लावलेली घरं प्रत्येक तालुक्यात आहेत.

९. थेट हायकोर्ट केव्हा

१९९८ च्या व्हर्लपूल निकालात सर्वोच्च न्यायालयाने अपवाद सांगितले आणि २०२१ च्या राधाकृष्ण इंडस्ट्रीज निकालात ते पुन्हा मांडले:

- मूलभूत हक्काच्या अंमलबजावणीसाठी
- नैसर्गिक न्यायाचा भंग झाला असेल तर
- आदेश पूर्णपणे अधिकारक्षेत्राबाहेरचा असेल तर
- कायद्याच्याच वैधतेला आव्हान असेल तर

यादी वाचून प्रत्येकाला आपलं प्रकरण दुसऱ्या अपवादात बसतं असं वाटतं. जरा थांबा. नोटीस नव्हती हे निव्वळ कागदावरून, वाद न होता दिसतंय का? समोरचा 'नोटीस दिली, यांनी घेतली नाही' म्हणत असेल, तर तो वस्तुस्थितीचा वाद झाला आणि हायकोर्ट त्यात सहसा शिरत नाही. शिवाय अपवाद म्हणजे न्यायालयावरची सक्ती नव्हे. वरचा अधिकारी ती चूक दुरुस्त करू शकत असेल तर अपवादात बसूनही तुम्हाला परत पाठवलं जाऊ शकतं. उलट, मयत माणसाविरुद्ध निकाल दिला, कायद्याने जो अधिकार प्रांताला आहे तो नायब तहसीलदाराने वापरला, असं आदेशाच्या पहिल्या पानावरच दिसत असेल, तर वकिलाला थेट याचिकेबद्दल जरूर विचारा.

जमिनीखेरीज इतर खात्यांतही तर्क हाच, पायऱ्या वेगळ्या. जीएसटीच्या आदेशावर तीन महिन्यांत अपील, फार तर आणखी एक महिना माफ होतो, आणि वादातल्या कराच्या १० टक्के आधी भरावे लागतात. माहिती अधिकारात पहिलं अपील ३० दिवसांत, दुसरं ९० दिवसांत. राज्य सरकारी कर्मचाऱ्याच्या सेवेच्या वादात आधी मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. १९९७ च्या चंद्रकुमार निकालानंतर न्यायाधिकरण टाळून थेट हायकोर्ट नाही.

१०. हायकोर्टाच्या दारात

सगळ्या पायऱ्या झाल्या, तर अनुच्छेद २२६ आणि २२७ खाली रिट. रिटला कलमाने ठरवलेली दिवसांची मुदत नाही, पण उशीर झाला की त्याचं कारण द्यावं लागतं. खंडपीठ जिल्ह्यावरून ठरतं. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या जिल्ह्यांसाठी कोल्हापूरचं सर्किट बेंच सुरू झालंय, त्यामुळे या भागातल्यांची मुंबईची वारी वाचली. महसुली निकाल मराठीत आणि न्यायालयाचं कामकाज इंग्रजीत, तेव्हा भाषांतराचा वेळ आणि खर्च धरा.

याचिकेत 'दुसरा तितकाच परिणामकारक उपाय उपलब्ध नाही' असं शपथेवर लिहावं लागतं. आधी केलेली अपिलं, अर्ज, चालू दिवाणी दावा, सगळं उघड लिहा. लपवलेला दावा समोरचा पहिल्याच दिवशी काढतो आणि मग बाजू कितीही खरी असली तरी याचिका जाते. एकाच आदेशावर एकीकडे अपील आणि दुसरीकडे रिट, असंही चालवू नका.

न्यायमूर्ती पर्यायी उपायाकडे बोट दाखवायला लागले, तर फेटाळणीची वाट बघत बसू नका. वकिलांना याचिका मुभा राखून मागे घ्यायला सांगा आणि त्या आदेशात तीन गोष्टी मागायला सांगा: अपील अमुक आठवड्यांत दाखल केलं तर हायकोर्टात गेलेला काळ विलंबमाफीत विचारात घ्यावा, तोवर जैसे थे राहावं, आणि सगळे मुद्दे खुले राहावेत. मिळतील की नाही हे न्यायालयावर, पण न मागता तर मिळणारच नाहीत.

निकाल तुमच्या बाजूने लागला, कुठल्याही पायरीवर, तर सातबारा आपोआप बदलत नाही. आदेशाची प्रमाणित प्रत जोडून अंमल देण्याचा अर्ज तहसील आणि तलाठ्याकडे द्या. त्यासाठी नवा फेरफार पडतो. त्याचा क्रमांक घ्या, तो प्रमाणित होईपर्यंत मागे लागा, आणि नवा सातबारा काढून त्यावर नावासोबत क्षेत्र, आणेवारी आणि इतर हक्कातल्या जुन्या नोंदीही ताडून बघा.